हिरव्या बेडकाची शेवटची पाटी

मुक्या, तू मला फोन केला होतास हे मी पाच दिवस कुणालाही सांगितलं नाही. चूक तिथून मोजायची, की तू गेलास त्याच्या अकरा दिवस आधी तू "येऊ नकोस" म्हणालास आणि मी खरोखरच आलो नाही तिथून, हे अजून ठरत नाही. दोन्ही माझ्याच आहेत. म्हणून आधी त्या लिहून टाकतो, मग बाकीचं.

तू गेलास त्या सकाळी अंजलीवहिनींचा फोन आला तेव्हा मी कापेल गावातल्या माझ्या घरामागे सायकलच्या चाकात हवा भरत होतो. वहिनी रडत नव्हत्या. तुला दवाखान्यातून कुठे नेणार, दहन कधी, कुणाकुणाला कळवायचं, सगळं त्यांनी ओळीने सांगितलं. मग म्हणाल्या, "मुकुंदने शेवटपर्यंत तुम्हाला फोन केला नाही ना? मी तीनदा म्हटलं, सतीशला बोलव. नुसता भिंतीकडे बघायचा. मनात धरूनच गेला हो. तुम्ही नका लावून घेऊ."

मी म्हणालो, "हं."

त्या एका अक्षराने मी तुला हट्टी ठरवलं आणि स्वतः सुटलो. वहिनींना आणि तुझ्या लेकीला, ओवीला, आता जन्मभर वाटत राहणार होतं, की तू तीस वर्षांच्या मित्राशी अबोला धरून गेलास. तसं झालेलं नाही हे सांगू शकणारा जगात मी एकटा होतो. आणि मी तुझ्या गावी, आल्मेरेला येऊन, तुझ्या सोफ्यावर बसून, दोघींचं सांत्वन करत होतो.

तुझा फोन रविवारी दुपारी आला होता. वहिनी कॉफी आणायला खाली गेल्यात, असं म्हणालास. तुझा आवाज बारीक झाला होता. मी विचारण्याआधीच तू सुरू केलंस, "काही विशेष नाही रे, पोटाचं आहे, बघतायत. तू येऊ नकोस उगाच. दोन गाड्या बदलाव्या लागतात तुला, त्यात सुट्टीच्या दिवशी रुळांची कामं काढलेली असतात." मी म्हणालो, येतो की. "नको नको. आणि लोणचं वगैरे काही आणू नकोस, इथे खाऊ देत नाहीत." मग, "तो बेडूक आहे का रे अजून तुझ्याकडे?" मी म्हणालो, आहे. "असू दे. पाटी काढत बसू नकोस आता."

मी अजेंडा, म्हणजे भेटीगाठींची डायरी, उघडला. इथे पंचवीस वर्षांत ही सवय लागली आहे, कुणी नुसतं भेटू म्हटलं तरी बोटं आधी अजेंड्याकडे जातात. तिसऱ्या आठवड्यातला शनिवार मोकळा होता. तोच टाकतो म्हणालो.

"टाक," म्हणालास.

न येणाऱ्या माणसाला कुणी सांगतं का, काय आणू नकोस ते? आपल्याकडे पहिलं 'नको' धरतच नाहीत. पानावर बसलेला नको म्हणतो आणि वाढणारा वाढतो. दुसऱ्या नकोला अर्धी पोळी. ताटावर आडवा हात आला तरच ते नको खरं. तुझा हात काही आडवा आला नव्हता. इथे राहून मी ही भाषा विसरलो, इथे पहिलंच नको शेवटचं असतं, असं मी पहिले दोन दिवस स्वतःला पटवत होतो. ते खोटं आहे. मला त्या दुपारीच कळलं होतं. पण तुझ्यासमोर येऊन बसायची मला भीती वाटत होती, आणि तू मला हवं असलेलं नको आयतं हातात दिलंस. मी ते घेतलं.

भीती त्या बेडकाची होती. त्या पाटीची.

सांगलीच्या हॉस्टेलवर मुकुंदचा मुक्या झाला तो गंमत म्हणून, कारण तुझ्याइतका बोलणारा माणूस अख्ख्या मजल्यावर नव्हता. इथे डचांच्या देशात आलो त्या पहिल्या महिन्यात आपण खोली शोधत फिरत होतो. एका बाईंनी दार उघडलं. तू इंग्रजीत विचारलंस, खोली रिकामी आहे का, आणि त्या म्हणाल्या, "या, या." तू बूट काढून सरळ आत गेलास आणि सोफ्यावर बसलास. बाई दारात तशाच उभ्या. डच लोकांचं 'हो' म्हणजे 'या', हे आपल्याला त्या दिवशी कळलं. खोली मिळाली नाही. पण पुढे कितीतरी वर्षं, ऑफिसात, बँकेत, कुणी हो म्हटलं की तू माझ्याकडे वळून मराठीत विचारायचास, "बोलावतायत का?"

असा बोलका तू, आणि तूच मूकपट करायचा घाट घातलास. इथल्या मराठी मंडळात सगळे हसले, मुक्याचा मूकपट म्हणून. कारण कुणाला ठाऊक नव्हतं. मला होतं. आदल्या वर्षीच्या गणपतीत मुलांच्या नाटकात आठ वर्षांची ओवी स्टेजवर येऊन म्हणाली होती, "आई, मी पाणी आणतो." पुढच्या रांगेत हशा झाला. ओवी पुढची वाक्यं विसरली, आणि घरी येऊन तिने सांगितलं की यापुढे ती मराठीत बोलणार नाही. हसणाऱ्यांत मी होतो, मुक्या. तुझ्या शेजारच्याच खुर्चीत. तू तेव्हा काही बोलला नाहीस. सहा महिन्यांनी म्हणालास, "मुलांना समजतं सगळं, फक्त बोलता येत नाही. मग बोलायचं कशाला? आपण न बोलणारं काहीतरी करू."

गोष्ट तुला शेजारच्या सुजिनने दिली. वहिनींनी शिऱ्याचा डबा दिला होता, तो परत करायला ती आली आणि ओवीला दारात पाय आपटताना पाहून हसली. त्यांच्याकडे कोरियात अशा मुलांना हिरवा बेडूकच म्हणतात, म्हणाली. आईने पूर्वेला जा म्हटलं की पश्चिमेला जाणारा बेडूक. आई दमते, आजारी पडते. तिला डोंगरावर पुरून घ्यायचं असतं, पण हा उलटंच करणार हे ठाऊक असल्यामुळे मरताना ती म्हणते, मला ओढ्याकाठी पूर. आई गेल्यावर बेडकाला पश्चात्ताप होतो, आणि आयुष्यात पहिल्यांदाच तो आईचं म्हणणं तंतोतंत ऐकतो. तेव्हापासून पाऊस आला की तो ओरडतो. ओढ्याला पूर येईल, आई वाहून जाईल, म्हणून.

त्या उन्हाळ्याचे पाच शनिवार मी कापेलहून आल्मेरेला येत होतो. ओवीला हिरवा रेनसूट घातला होता, आणि तू चित्रीकरण काळ्या-पांढऱ्यात करत होतास. सुजिन म्हणाली, अरे मग हिरवा कळणार कसा. तू म्हणालास, "ती हिरव्यासारखी वागेल ना." ओढा घरामागेच होता, पाण्याचा चर. डोंगराची पंचाईत झाली. शेवटी नव्या पुलाच्या कामासाठी टाकलेला वाळूचा ढीग डोंगर म्हणून वापरला. जे गावच मुळात समुद्र हटवून त्याच्या तळावर वसवलंय, तिथे त्या बिचाऱ्या आईने डोंगराची इच्छा धरावी, यावर आपण दोघं पोट दुखेपर्यंत हसलो होतो.

आईचं काम वहिनींनी केलं. मरणाच्या प्रसंगात काय बोलू, असं त्यांनी विचारलं, आणि तू म्हणालास, काहीही बोल, ऐकू थोडंच येणार आहे. मग वहिनी अंथरुणावर पडून, डोळ्यांत पाणी आणून, अतिशय करुण चेहऱ्याने म्हणाल्या, "दूध संपलंय. अंडी आणा. पांढऱ्या कपड्यांबरोबर निळी चादर धुऊ नका." ओवीने हसू दाबायला ओठ चावला. पडद्यावर ते रडू दाबल्यासारखं दिसतं. संपूर्ण सिनेमातला तो सगळ्यात चांगला क्षण आहे, हे मी तेव्हा कबूल केलं नाही.

कारण तिथेच आपलं वाजलं. मूकपटात संवादाच्या जागी अक्षरांची काळी पाटी येते. बाकीच्या सगळ्या पाट्या तुला मान्य होत्या, ही एकच नको होती. आई काय म्हणाली ते लोकांना ऐकू येऊ नये, त्यांनी नुसती तिची मान आणि पोराचा चेहरा पाहावा, असं तुझं म्हणणं. मी म्हणायचो, कुणाला काही कळणार नाही. सुजिनने मध्ये सांगितलं, तिच्या आजोबांच्या लहानपणी पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून मूकपटाची गोष्ट सांगायचा. मी लगेच ते उचललं. बघ, त्यांनासुद्धा शब्द लागायचे. तू म्हणालास, "तो माणूस पडद्याबाहेर उभा राहायचा, सत्या. पडद्यात घुसायचा नाही."

दुसरं भांडण गोष्टीवरचं. चूक कुणाची? मी म्हणायचो, बेडकाची. तू आईच्या मागे लागायचास. "एकदा तरी सरळ बोलायचं ना पोराशी. एकदा तरी विश्वास टाकायचा." हे तू म्हणाला होतास, मुक्या, त्या वाळूच्या ढिगावर बसून, चपलांतली वाळू झाडता झाडता. मग तू का सरळ बोलला नाहीस? "सत्या, ये" हे दोनच शब्द पुरले असते. या बाबतीत मी तुझ्यावर रागावलेला आहे आणि ते इथे लपवत नाही. पण राग धरून किती वेळ बसणार? वहिनींनी बोलव म्हटल्यावर तू भिंतीकडे बघत होतास, आणि त्या खाली गेल्याबरोबर तू माझा नंबर लावलास. तुझ्याच्याने तेवढंच झालं असेल.

संकलन माझ्या लॅपटॉपवर होतं. मंडळाच्या कार्यक्रमात सिनेमा दाखवायचा त्या दिवशी सकाळी आल्मेरेला येताना गाडीत बसून मी ती पाटी घातली. तुला विचारलं नाही. "मला ओढ्याकाठी पूर. डोंगरावर नको." आणि तरीही कुणाला कळलं नाही तर, म्हणून खाली आणखी एक ओळ: "आईला माहीत होतं, तो उलटंच करणार." त्याखाली हेच डचमध्ये. दहा सेकंद. टाळ्या पडल्या. लोक मला येऊन म्हणाले, ती पाटी होती म्हणून कळलं बरं का. ओवी अंधारातून तुझ्याकडे बघत होती. दिवे लागल्यावर तू माझ्या खांद्यावर हात ठेवलास आणि म्हणालास, "अक्षर छान आलंय."

मी ते कौतुक समजलो. निदान घरी पोचेपर्यंत.

त्यानंतर आपलं भांडण झालंच नाही, त्यामुळे ते मिटलंही नाही. वाढदिवसाला फोन, दिवाळीला फराळाचा डबा कुणाच्या तरी हाती. तू पुन्हा काही केलं नाहीस, किंवा मला दाखवलं नाहीस. अकरा वर्षं गेली.

आता ते पाच दिवस. मी तुझ्या घरी पोचलो तेव्हा ओवी जेवणाच्या टेबलाशी तुझा फोन घेऊन बसली होती. कुणाला कळवायचं त्याची यादी करत होती. वीस वर्षांची झाली ती, तुझ्यासारखीच मान खाली घालून काम करते. फोनमध्ये आलेल्या-गेलेल्या कॉलची यादी असते, हे माझ्या तेव्हा ध्यानात आलं. ती बोटाने वर सरकवायची आणि विचारायची, पाटीलकाका कोण, हे आपटे म्हणजे न्यूनेनचे का. मी उत्तरं देत होतो आणि प्रत्येक नावागणिक तिच्या बोटाकडे बघत होतो. शेवटी म्हणालो, "दे बेटा, मी करतो यादी, तू जरा पड."

"नको," ती म्हणाली. मराठीत. आणि फोनवर तळवा आडवा ठेवला.

दुसऱ्या दिवशी ठरवलं, आज सांगायचं. पण भेटायला येणाऱ्यांची रीघ होती आणि वहिनी प्रत्येकाला तेच सांगत होत्या. सतीशशी शेवटपर्यंत बोलला नाही हो, मनाला लागून राहिलंय. लोक माझ्याकडे कणवेने बघायचे. एकांनी माझा हात हातात घेतला. तो मी काढून घेतला नाही.

तिसऱ्या दिवशी ओवीने सिनेमा मागितला. दहनगृहात पाऊण तास मिळणार होता, त्यात तिला तो दाखवायचा होता. तिचं बोलणं बरंचसं इंग्रजीत, मधूनमधून मराठी शब्द. पाटी काढून दाखवायचा, म्हणाली. चित्रीकरणाच्या दिवशी तू तिला सांगितलं होतंस म्हणे, "आई काय म्हणाली ते फक्त तुला ठाऊक, ते कुणाला सांगायचं नाही." ते तिचं गुपित होतं, आणि मी ते दीडशे लोकांसमोर दोन भाषांत लिहून दाखवलं होतं. मला हे आता कळलं. मग ती म्हणाली, "आणि काका, तू पडद्याशेजारी उभा राहा. सुजिनच्या आजोबांच्या त्या माणसासारखा. यू टेल इट."

घरी येऊन पाटी काढली. एका मिनिटाचं काम होतं. "काढत बसू नकोस," तू म्हणाला होतास. तू आणखी काय सांगायचं बाकी ठेवलं होतंस, मुक्या?

दहनाच्या दिवशी तुझ्या शवपेटीजवळ उभा राहून मी बेडकाची गोष्ट सांगितली. ओवी रेनसूटमध्ये उड्या मारत उलट्या दिशेला पळत होती. काळ्या सुटातला दहनगृहाचा माणूस दाराशी घड्याळ बघत होता. अंथरुणाचा प्रसंग आला आणि मी बोलायचं थांबलो. पडद्यावर वहिनींचे ओठ हलत होते, आवाज नव्हता, पाटी नव्हती. सगळे माझ्याकडे बघत होते. पुढच्या रांगेत वहिनी स्वतःच्याच ओठांकडे बघत होत्या, आणि त्यांना एकदम हसू फुटलं. दूध, अंडी, निळी चादर. ओवीने त्यांचा हात धरला आणि तीही हसायला लागली. बाकी कुणालाच काही कळलं नाही. तुझं बरोबर होतं. कळायची गरजच नव्हती.

मग बेडकाने चराकाठी खड्डा खणला, पावसात बसला, आणि सिनेमा संपला.

बाहेर कॉफीच्या खोलीत सुजिन कप भरून देत होती. माझ्या हातात केकच्या तुकड्याची बशी होती आणि ती कुठे ठेवावी कळत नव्हतं. वहिनी ओवीला घेऊन माझ्याजवळ आल्या. "पाटी काढलीत," म्हणाल्या. मी मान हलवली. "त्याला बरं वाटलं असतं हो. एकदा तुमच्याशी बोलला असता तर—"

"तो बोलला, वहिनी," मी म्हणालो. "त्याचा फोन आला होता. रविवारी, तुम्ही कॉफी आणायला गेला होतात तेव्हा."

वहिनींनी विचारलं, काय म्हणाला. मी सगळं सांगितलं, जसंच्या तसं. पोटाचं, दोन गाड्यांचं, रुळांच्या कामाचं. बेडकाचं आणि पाटीचं. अजेंड्यातल्या शनिवारचं. त्या सकाळच्या माझ्या "हं"चंही. त्या ऐकत राहिल्या. मध्ये एकदाच म्हणाल्या, "लोणचं आणू नकोस म्हणाला?" आणि पदर तोंडावर धरला. आता हसू होतं की रडू, मला कळलं नाही.

"आय नो," ओवी म्हणाली. "पहिल्या दिवशीच पाहिलं फोनमध्ये. सहा मिनिटं. मी वाट बघत होते, तू कधी सांगतोस." ती रागावलेली नव्हती. तिला खरंच कोडं पडलं होतं. "पण काका, तुला कसं नाही कळलं? बाबाचं नको म्हणजे या. ऑलवेज."

ती डचमधलं 'या' म्हणत होती, म्हणजे 'हो'. मी मराठीतलं 'या' ऐकलं.

बशी मी खिडकीत ठेवली. मराठीत याला नीट शब्द नाही. माफी म्हटलं की नाटकातलं वाटतं, आणि सॉरी तर मी रोज गाडीत धक्का लागला तरी म्हणतो. आपण हॉस्टेलवर जे म्हणायचो तेच मी म्हणालो, त्या दोघींकडे बघत, आणि दाराच्या काचेतून दिसणाऱ्या तुझ्या पेटीकडे बघत.

"चुकलं माझं. त्याने मला बोलावलं होतं, आणि मी आलो नाही."